एकपानी आमरी
(नभोवाणीवरील भाषण)

श्रोतेहो, आजच्या भाषणाचा विषय एक लहानशी वनस्पती आहे. ती वीतभर उंच झाली तरी पुष्कळ झाले. तिला पान बहुधा एकच असते, आणि तेही जमिनीला असे चिकटलेले की, वर फूल नसेल तर चालणाऱ्याचा पाय त्यावर पडावा आणि त्याला कळूही नये. सह्याद्रीच्या माथ्यावर जांभ्या दगडाची जी उघडी पठारे आहेत, ज्यांना तिकडील लोक सडा म्हणतात, तेथे पावसाच्या पहिल्या सरींनंतर ती उगवते, थोडे दिवस पांढरी फुले मिरवते आणि दसऱ्याच्या सुमारास जमिनीच्या वर तिची खूणही उरत नाही. असा हा लहान विषय मी का निवडला, हे आरंभीच सांगून टाकणे प्रामाणिकपणाचे होईल. या जातीचे एक रोप माझ्या हातून मेले. ते का मेले याचा शोध घेता घेताच मला तिची खरी ओळख झाली.

मी राहणारा तीर्थपुरीचा. जालना जिल्ह्याच्या घनसावंगी तालुक्यातले हे आमचे गाव काळ्या जमिनीच्या मुलुखात वसले आहे. कापूस, तूर, ऊस, मोसंबी ही आमची पिके. पाऊस वर्षाकाठी सरासरी सातशे मिलिमीटरांच्या आसपास, तोही मनाला येईल तेव्हा. समर्थ रामदासांचे जन्मस्थान जे जांब, तेही आमच्याच तालुक्यात आहे. १६०८ साली जांबेस जन्मलेले समर्थ शके १६०३ च्या माघ वद्य नवमीस सज्जनगडावर समाधिस्थ झाले, हे आमच्याकडे पोरासोरांनाही ठाऊक असते. त्यामुळे सातारा कितीही दूर असला तरी सज्जनगड आम्हांस परका वाटत नाही.

१९९८ सालच्या जुलै महिन्यात आम्ही सात-आठ मंडळी गडावर दर्शनास गेलो होतो. कोणीतरी सुचविले की, एवढ्या दूर आलोच आहोत तर कासचे तळे पाहून जावे. साताऱ्यापासून पंचवीसएक किलोमीटरांवर, सुमारे बाराशे मीटर उंचीवर, ते पठार आहे. त्या काळी तेथे आजच्यासारखी गर्दी नसे. आम्ही पोहोचलो तेव्हा धुके इतके दाट होते की दहा पावलांपलीकडचा माणूस दिसत नव्हता. धुके जरा विरळ झाले आणि पायांपाशी पाहतो तो ओल्या काळसर दगडावर, बोटभर मातीच्या थरात, एक हिरवे गोल पान जमिनीवर पालथे घातल्यासारखे पडलेले, आणि त्याच्या मधून निघालेल्या कोवळ्या दांड्यावर दोन शुभ्र फुले. एक दिसले म्हणताच शेकडो दिसू लागली.

माझ्या खिशात चाकू होता. मी खाली बसलो आणि एक रोप मातीसकट उकरून काढले. तेथे जवळच घोंगडीची खोळ पांघरून एक वृद्ध बाई गुरे राखीत उभ्या होत्या. त्यांनी माझ्याकडे पाहिले आणि रागावल्याशिवाय एवढेच म्हटले, “नेऊन काय करशील बाळा? त्ये घरी जगत न्हाय.” मी हसलो. शेतकऱ्याच्या घरात वाढलेल्या माणसास वीतभर झाड जगविता येऊ नये, हे मला पटले नाही. ओल्या फडक्यात गुंडाळून मी ते रोप तीर्थपुरीस आणले, नवी कुंडी आणली, मळ्यातली उत्तम काळी माती तीत भरली, कुजलेले शेणखत मिसळले आणि सकाळ-संध्याकाळ पाणी घालू लागलो. चौथ्या दिवशी फुले गळाली. आठवड्यात पान पिवळे पडले. पंधरवड्यात कुंडीत नुसती माती राहिली. आई म्हणाली, “खत घातलंस, पाणी घातलंस, मग हे रुसलं तरी कशावर?” मी कुंडी उपडी केली. मातीत दोन लहान कंद निघाले. एक सुरकुतलेला व रिकामा, दुसरा वाटाण्याएवढा. दोन्ही कुजले होते.

आईच्या त्या प्रश्नाचे उत्तर मला पुढे हळूहळू मिळाले. तेच आज आपणांस सांगावयाचे आहे.

प्रथम नाव. ज्या कुलास इंग्रजीत ऑर्किड म्हणतात त्यास आपल्याकडील वनस्पतिविषयक लेखनात आमरी हा शब्द योजतात. हे कुल पुष्पवनस्पतींच्या अत्यंत मोठ्या कुलांपैकी एक असून जगात त्याच्या सुमारे अठ्ठावीस हजार जाती आहेत. भारतीय वनस्पती सर्वेक्षण विभागाने २०१९ साली प्रसिद्ध केलेल्या गणनेप्रमाणे आपल्या देशात १२५६ जाती आढळतात व त्यांपैकी ३८८ देशाबाहेर कोठेही नाहीत. महाराष्ट्रातही शंभराहून अधिक आहेत. त्यांतील कित्येक झाडांच्या फांद्यांवर वाढतात. सीतेची वेणी अशा सुरेख नावाची आमरी आपणांपैकी अनेकांनी कोकणात आंब्याच्या वा फणसाच्या खोडावरून लोंबताना पाहिली असेल. बांडगूळ ज्याप्रमाणे झाडाचा रस शोषून घेते तसे या आमऱ्या करीत नाहीत. झाड हा त्यांना केवळ आसरा असतो. आपली एकपानी मात्र भूचर आहे. तिचे बिऱ्हाड जमिनीत असते.

एकपानी हे नाव मी सोयीसाठी घेतले आहे. शास्त्रीय भाषेत ती हॅबेनेरिया ग्रॅन्डिफ्लोरिफॉर्मिस होय. हॅबेना म्हणजे लॅटिन भाषेत लगाम, चामड्याची वादी. या प्रजातीतील फुलांचे अवयव वादीसारखे लांबट असतात, त्यावरून हे नाव पडले. जातिवाचक नाव १९३२ साली दिले ते फादर एथेलबर्ट ब्लॅटर आणि चार्ल्स मॅककॅन या दोघांनी. ब्लॅटर हे मूळचे स्विस धर्मोपदेशक. मुंबईच्या सेंट झेवियर कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवीत. मुंबई इलाख्यातील वनस्पतींची फेरतपासणी करताना या जोडीने डोंगरमाथे पालथे घातले. त्यांच्यानंतर त्याच कॉलेजातील फादर सांतापाव व कपाडिया यांनी हे काम पुढे नेले. पाचगणीच्या नावाने ओळखली जाणारी हॅबेनेरिया पंचगणीएन्सिस ही जात त्यांनी १९५७ साली वर्णिली, आणि १९६६ साली त्यांचा मुंबई प्रदेशातील आमऱ्यांवरील ग्रंथ निघाला. आपल्या माथ्यावरच्या फुलांची नोंद परदेशातून आलेल्या या धर्मोपदेशकांनी एवढ्या निष्ठेने करावी, याबद्दल त्यांचे ऋण आपण मानले पाहिजे.

आता फूल पाहू. आमरीच्या फुलाची रचना वरवर विचित्र वाटली तरी तिचे गणित सरळ आहे. बाहेर तीन दले, आत तीन पाकळ्या. आतल्या तिहींपैकी एक पाकळी इतरांहून वेगळी होऊन पुढे आलेली असते. तिला ओठ म्हणतात. आपल्या एकपानीत या ओठाला तीन फाटे असतात, आणि त्याच्या मुळापाशी मागच्या बाजूस एक पोकळ नळी लोंबत असते. ही नळी म्हणजे मधाची सुरई. इतर फुलांत पुंकेसर आणि स्त्रीकेसर निरनिराळे दिसतात. येथे ते एकजीव होऊन एकच स्तंभ झालेले असतात. परागही सुटे भुकटीसारखे उडत नाहीत. त्यांच्या दोन लहान पुरचुंड्या असतात व प्रत्येक पुरचुंडीच्या देठाशी एक चिकट टिकली असते. या प्रजातीच्या कित्येक जातींत हे काम संध्याकाळी हिंडणाऱ्या पतंगांकडून होते. पतंग सोंड नळीत घालतो, टिकली त्याच्या डोक्याला वा सोंडेला चिकटते, आणि पुढच्या फुलापाशी ती पुरचुंडी बरोबर योग्य स्थळी जाऊन टेकते.

या नळीसंबंधी एक प्रसिद्ध कथा आहे. मादागास्कर बेटातील एका आमरीची मधाची नळी जवळजवळ फूटभर लांब असते. चार्ल्स डार्विन यांनी १८६२ साली आमऱ्यांवर ग्रंथ लिहिला, त्यात त्यांनी असे अनुमान केले की, ज्याअर्थी नळी एवढी लांब आहे त्याअर्थी तितक्याच लांब सोंडेचा पतंग तेथे असलाच पाहिजे. काही जणांनी या अनुमानाची थट्टा केली. १९०३ साली, म्हणजे डार्विन यांच्या मृत्यूनंतर एकवीस वर्षांनी, त्या बेटावरील तशा लांब सोंडेच्या पतंगाचे वर्णन प्रसिद्ध झाले. सांगण्याचे तात्पर्य हे की, फूल हे एकटे नसते. नळी पाहिली की तीत जाणारी सोंडही मानावी लागते. मी कुंडीत आणले ते फूल. त्याचा पतंग मी मागेच ठेवून आलो होतो.

परंतु रोप मेले ते पतंगावाचून नव्हे. त्याच्या मृत्यूस तीन कारणे झाली, आणि तिन्ही माझ्या अज्ञानातून आली.

पहिले कारण माती. आमच्या मुलुखाची काळी माती आणि कासचा जांभा, या दोहोंचा मूळ दगड एकच आहे, हे ऐकून आपणांस नवल वाटेल. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी दख्खनवर थरावर थर लाव्हा पसरला आणि त्याचा काळा पाषाण झाला. खाली आमच्याकडे, बेताच्या पावसात, तो झिजून चिकणमाती झाली. ती पाणी धरून ठेवते, ओली झाली की फुगते, वाळली की भेगाळते. वर माथ्यावर मात्र दोन हजार मिलिमीटरांहून अधिक पाऊस, त्यातून उन्हाळ्याची भाजणी. हजारो शतके असे चालून दगडातले विरघळणारे सारे वाहून गेले, लोह मागे राहिले, आणि लालसर सच्छिद्र जांभा तयार झाला. त्यावर मातीचा थर कोठे चार बोटे, कोठे तर तेवढाही नाही. पाणी पडते ते पाझरून वा वाहून जाते. एकपानीचा कंद अशा ठिकाणी भिजतो, पण डबक्यात राहत नाही. मी त्यास काळ्या मातीत पुरून दोन वेळा पाणी घातले, म्हणजे पोहणे न येणाऱ्यास विहिरीत सोडावे तसे केले. शेणखताने तर आणखीच घात केला. ज्या जमिनीत पोषणच तुटपुंजे, तेथे राहावयास शिकलेल्या वनस्पतीला आपल्या औदार्याचे अजीर्ण होते.

दुसरे कारण वेळ. कुंडीतून निघालेले दोन कंद आपणांस आठवत असतील. या आमरीचा सारा संसार त्या दोन कंदांच्या हिशेबावर चालतो. गेल्या वर्षी साठविलेल्या कंदाच्या बळावर ती जूनमध्ये पान आणि फूल काढते. तो कंद रिकामा होत जातो, आणि त्याच वेळी पानाने मिळविलेले अन्न शेजारच्या नव्या कंदात साठू लागते. पावसाळा सरला की पान वाळते, जुना कंद संपतो, आणि पुढचे सात-आठ महिने ती वनस्पती म्हणजे जमिनीत निजलेला तो एकटा नवा कंद. मी तिला जुलैत काढले. त्या वेळी जुनी पुंजी खर्चून झाली होती, नवी साठली नव्हती. आपल्याकडे शेतकरी बी पेरून रिकामा झालेला असतो आणि पीक हाती आलेले नसते, ते दिवस ज्याने पाहिले आहेत त्याला हा प्रसंग वेगळा समजावून सांगावयास नको. फूल सर्वांत सुंदर दिसते ती वेळ त्या झाडाच्या सर्वांत मोठ्या निर्धनतेची असते.

तिसरे कारण सर्वांत महत्त्वाचे असून ते डोळ्यांस दिसत नाही. आमरीचे बीज धुळीच्या कणाएवढे असते. डार्विन यांनी इंग्लंडातील एका आमरीच्या एका बोंडातील बीजे मोजली, ती सुमारे ६२०० भरली. एका झाडावर अशी तीस बोंडे. त्यांनी हिशेब मांडला की, सर्व बीजे रुजली तर त्या एका झाडाची पणतवंडे पृथ्वीवरील बहुतेक सारी भूमी झाकून टाकतील. मग तसे का होत नाही? कारण असे की, गव्हाच्या वा हरभऱ्याच्या दाण्यात जशी आई मुलाबरोबर शिदोरी देते तशी शिदोरी या बीजात नाही. बीज रुजावयाचे तर त्याला मातीतील विशिष्ट बुरशी भेटावी लागते. बुरशीचे तंतू बीजात शिरतात आणि त्याला अन्न पुरवितात. त्या आधारावर ते बीज हिरवे पान काढण्याजोगे होते. १८९९ साली नोएल बेर्नार या तरुण फ्रेंच शास्त्रज्ञास रानात रुजलेली आमरीची बीजे सापडली, आणि त्यांत त्याने या बुरशीचे तंतू पाहिले. तोपर्यंत बागकाम करणारे लाखो बीजे पेरीत आणि हात चोळीत बसत. पुढे १९२२ साली अमेरिकेत लुईस नुडसन यांनी साखर मिसळलेल्या पोषक लगद्यावर बुरशीवाचून बीजे रुजवून दाखविली, आणि त्यातूनच फुलांच्या दुकानातील आमऱ्यांचा आजचा मोठा धंदा उभा राहिला. परंतु रानातल्या बीजाला साखरेचा लगदा कोण देणार? त्याला बुरशीच हवी. मोठेपणीही भूचर आमऱ्यांच्या मुळांशी हा संबंध टिकून असतो. मी जे उकरले ते झाड नव्हते. एका गोतावळ्यातला एक जण मी ओढून आणला होता. गुरे राखणाऱ्या त्या बाईंना बुरशीचे नाव ठाऊक असण्याचे कारण नव्हते, पण निष्कर्ष त्यांना ठाऊक होता.

श्रोतेहो, एक रोप मेले यात पठाराचे फार मोठे नुकसान झाले असे मी म्हणत नाही. पण अशी रोपे उकरणारा मी एकटा नाही. आमरीच्या कंदांची हाव जुनी आहे. आपल्या घरांतून पौष्टिक पाकांत जी सालममिश्री पडते ती आमरीचाच कंद होय. तिचा एक उत्तम समजला जाणारा प्रकार, पंजा सालम किंवा हत्ताजडी, हिमालयात अडीच हजार मीटरांहून उंच असलेल्या कुरणांत उगवतो. त्याचा कंद हाताच्या पंजासारखा असतो, आणि गंमत अशी की, डार्विन यांनी जिची बीजे मोजली तिची ही सख्खी बहीण. कंद काढला म्हणजे पुढच्या वर्षाचे झाड काढले. फळ तोडल्याने झाड मरत नाही, पान तोडल्याने बहुधा मरत नाही. येथे मात्र औषध आणि झाड एकच. म्हणून हिमालयात ही आमरी दुर्मिळ होत गेली. वन्य जातींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर नियंत्रण ठेवणारा जो करार १९७५ साली अमलात आला, आणि ज्यात भारत १९७६ साली सामील झाला, त्याच्या कक्षेत संपूर्ण आमरीकुल येते, ते उगीच नव्हे. बाजारात सालममिश्री म्हणून दुसरेच कंद विकले जातात ही तक्रारही जुनी आहे. तेव्हा आपल्या कपाटातील पाकाची बरणी पाहताना एवढे मनात असावे की, तीत खरी वस्तू असली तर ती एका झाडाचा पुढचा जन्म आहे, आणि खोटी असली तर पैसे वाया गेले आहेत.

आमच्या सह्याद्रीच्या एकपानीवर आलेले संकट वेगळ्या प्रकारचे आहे. २०१२ साली युनेस्कोने पश्चिम घाटातील ३९ स्थळांस जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली. त्यांत महाराष्ट्रातील कास, कोयना, चांदोली व राधानगरी ही चार आहेत. कासचे नाव घरोघर झाले आणि सप्टेंबरात तेथे माणसांची रीघ लागू लागली. माणसे येतात ती सोनकीचा पिवळा आणि तेरड्याचा गुलाबी गालिचा पाहावयास. त्या वेळी एकपानीचे फूल केव्हाच सरलेले असते. तिचे पान मात्र जमिनीवर असते आणि पुढच्या वर्षाचा कंद भरण्याचे काम मुकाट्याने करीत असते. गालिच्यात उभे राहून छायाचित्र काढविणाऱ्याच्या पायाखाली ते चिरडले तर त्याला कळत नाही; झाडाला मात्र ते पुढील जूनमध्ये कळते.

वनखाते आणि भोवतालच्या गावांतील समित्या यांनी दिवसाची संख्या ठरविली, वाटा आखल्या, शुल्क ठेवले. हे योग्यच झाले. पण रक्षण करणे हेही वाटते तितके सोपे नाही, याचा एक धडा कासनेच दिला आहे. फुले वाचावीत म्हणून पठाराच्या काही भागास तारेचे कुंपण घालून गुरांस मज्जाव करण्यात आला. प्रथमदर्शनी यासारखे शहाणपण दुसरे नाही. परंतु गुरे थांबली तसे गवत माजू लागले, आणि उंच गवताच्या सावलीत ठेंगण्या फुलझाडांची कुचंबणा होते, असे अभ्यासकांनी दाखवून दिले. शेवटी ते कुंपण काढण्यात आले. विचार केला तर हे समजण्यासारखे आहे. शेकडो वर्षे तेथे गुरे चरत आली. जमिनीला चिकटलेले पान गुराच्या तोंडी सहसा लागत नाही. गवत मात्र खाल्ले जाते आणि पानाला ऊन मिळते. ज्या बाईंनी मला सावध केले त्यांची गुरे फुलांचे शत्रू नव्हती. म्हणून ज्यांनी ती भूमी पिढ्यान्‌पिढ्या वापरली त्यांना बाहेर काढून ती राखता येईल, असे समजण्यापूर्वी दहा वेळा थांबावे. गुरे किती असावी, केव्हा असावी, हा प्रश्न आहेच. पण तो त्यांच्याबरोबर बसून सोडवावयाचा आहे.

कोणी म्हणेल, तीर्थपुरीच्या माणसाने एवढी काळजी का वाहावी? तुमच्या काळ्या रानात ना जांभा, ना धुके, ना आमरी. याला माझे उत्तर असे की, आमच्या तालुक्याच्या दक्षिणेस जी गोदावरी वाहते ती त्र्यंबकेश्वराच्या ब्रह्मगिरीवर, म्हणजे सह्याद्रीच्या माथ्यावरच, उगम पावते. पैठणच्या जायकवाडी धरणाचा डावा कालवा आमच्या शिवारांकडे येतो, त्यातले पुष्कळसे पाणी त्या डोंगररांगेने अडविलेल्या पावसाचे आहे. माथा उघडा पडला, खणला गेला, घरांनी वा गाड्यांनी झाकला गेला, तर त्याची झळ प्रथम फुलाला लागेल, मग झऱ्याला, आणि शेवटी आमच्या मोसंबीला. एकपानीला पाणी निर्माण करता येत नाही. पण ती जेथे सुखाने उगवते तेथे माथा अजून शाबूत आहे, एवढे ती खात्रीने सांगते.

दुसरेही एक उत्तर आहे. ज्या नजरेने मी पुढे कासकडे पाहू लागलो, त्याच नजरेने मी आमची गायराने पाहू लागलो. बांधावरचे आणि गायरानातले जे जे आपण निरुपयोगी गवत म्हणून नांगरतो, जाळतो, औषध फवारून मारतो, त्यातही कोणाची पुंजी कोणत्या महिन्यात साठत असेल, कोणाचा कोणाशी संबंध असेल, हे आपण कधी विचारले आहे काय? आमच्या गावात असे विचारणारा कोणी नव्हता. मी स्वतः तर मुळीच नव्हतो.

आता थोडे व्यवहाराचे बोलतो. आपणांपैकी ज्यांना ही आमरी पाहावयाची असेल त्यांनी सप्टेंबरची वाट पाहू नये; जुलैत जावे. भिजण्याची तयारी ठेवावी. पाय टाकावा तो आखलेल्या वाटेवर, आणि वाट नसेल तेथे उघड्या दगडावर, मातीवर नाही. फूल पाहावयाचे तर वाकावे लागते, तेव्हा मुलांना बरोबर न्यावे, त्यांना ते सहज जमते. छायाचित्र घ्यावे, पण त्यासाठी आजूबाजूचे गवत उपटू नये. आणि कोणी सोबती चाकू वा खुरपे काढील तर त्याला रागावू नये. एका वृद्ध बाईंनी मला ज्या शांतपणे सांगितले तसे सांगावे. मी ऐकले नाही. आपला सोबती ऐकेल अशी आशा करू.

ती कुंडी मी टाकली नाही. आईने तीत पुढे तुळस लावली, आणि ती उत्तम वाढली. आमची माती तिला मानवली. १९९८ नंतर मी कासला अनेकदा गेलो. दरवेळी मी त्या बाईंना शोधले, पण पुन्हा भेट झाली नाही. ज्या जागी मी उकरले होते ती जागा एका पसरट दगडाच्या खुणेने मला ओळखता येते. तेथे बोटभर रुंदीचा एक खळगा बरीच वर्षे तसाच होता. पावसात त्यात पाणी साचे. आता तो मातीने भरला आहे. त्यात अजून आमरी उगवलेली नाही. तिच्या कडेने मात्र, दोन हातांवर, दर जुलैत ती पाने पसरते. वाऱ्याने एखादे बीज त्या खळग्यात पडेल, आणि तेथे त्याला हवी ती बुरशी भेटली तर काही वर्षांनी एक गोल पान वर येईल. ते माझ्या हातचे काम नाही. माझ्या हाती एवढेच आहे की, तोपर्यंत तेथे कोणाचा पाय पडू नये म्हणून दोन शब्द बोलावेत.